गजानन जागीरदार: नट, दिग्दर्शक आणि शिक्षक

गजानन जागीरदार यांचा जन्म २ एप्रिल १९०७ रोजी अमरावतीत झाला. हौशी नाटकांतून ते चित्रपटाकडे वळले आणि भालजी पेंढारकरांच्या हाताखाली त्यांची उमेदवारी झाली. प्रभात कंपनी कोल्हापुरात असताना निघालेल्या ‘जलती निशानी’ (१९३२) या बोलपटात त्यांनी पंचविशीतच वृद्ध सेनापती उभा केला. वयाने मोठ्या माणसांच्या भूमिका हीच पुढे त्यांची खासियत ठरली. दिग्दर्शनही त्यांनी १९३०च्या दशकातच सुरू केले होते.

नट म्हणून त्यांची खरी परीक्षा झाली ती ‘शेजारी’त. विश्राम बेडेकरांची कथा आणि व्ही. शांताराम यांचे दिग्दर्शन असलेला हा चित्रपट प्रभातने १९४१ मध्ये मराठीत, आणि ‘पडोसी’ या नावाने हिंदीत काढला. गावातले दोन म्हातारे, एक हिंदू आणि एक मुसलमान, रोज बुद्धिबळाचा डाव मांडतात. धरण बांधायला आलेला धनिक त्यांच्यात वितुष्ट आणतो आणि शेवटी त्याच धरणाच्या पाण्यात दोघांचा अंत होतो. मराठीत जिवबा पाटील झाले केशवराव दाते आणि मिर्झा झाले जागीरदार. हिंदीतही मिर्झा जागीरदारांकडेच राहिला, पण जिवबाच्या जागी आलेला ठाकूर रंगवला मझहर खान यांनी. मुसलमान नटाने हिंदू आणि हिंदू नटाने मुसलमान व्हायचे, ही योजना जाणूनबुजून केलेली होती आणि त्या काळच्या वातावरणात ती धाडसाची होती. जागीरदारांनी मिर्झाला ठोकळेबाज मुसलमान होऊ दिले नाही. चौतिशीतल्या या नटाने त्याला शेजाऱ्याला जीव लावणारा, पण मानी असा म्हातारा केले. चित्रपटाचे सारे वजन या दोन म्हाताऱ्यांवर आहे, आणि ते पेलण्यात जागीरदार दात्यांसारख्या मुरलेल्या नटापुढे कुठेही कमी पडत नाहीत.

त्याच वर्षी त्यांनी आचार्य अत्रे यांच्या संस्थेसाठी ‘पायाची दासी’ दिग्दर्शित केला. दुर्गा खोटे यांची सासू आणि वनमाला यांची सून असलेला हा चित्रपट सासुरवासाचे विदारक चित्र मांडणारा होता. १९४२ मध्ये अत्र्यांसाठीच ‘वसंतसेना’ झाला.

शांताराम प्रभातमधून बाहेर पडल्यानंतर कंपनीने रामशास्त्री प्रभुणे यांच्या जीवनावर चित्रपट करायला घेतला. राजा नेने यांनी काम सुरू केले, मग ते काम बेडेकरांकडे गेले आणि अखेर जागीरदारांनी पूर्ण केले. नारायणराव पेशव्यांच्या खुनाबद्दल रघुनाथरावाला देहान्त प्रायश्चित्त सांगणारा न्यायाधीशही त्यांनीच साकारला. तिघांचे हात लागूनही ‘रामशास्त्री’ (१९४४) विस्कळीत वाटत नाही, याचे मोठे श्रेय त्यांना द्यायला हवे. आरडाओरड न करता केवळ ठाम, संथ वाणीने सत्तेला सामोरा जाणारा रामशास्त्री मराठी माणसाच्या मनात बसला तो बऱ्याच अंशी या चित्रपटामुळे.

पुढे त्यांनी हिंदीत ‘बैराम खान’ (१९४६) आणि ‘जेल यात्रा’ (१९४७) दिग्दर्शित केले. मराठीत अण्णा भाऊ साठे यांच्या कादंबरीवरचा, तमाशाच्या जगातला ‘वैजयंता’ (१९६१) त्यांचाच. ‘हम दोनो’ आणि ‘गाईड’मधल्या त्यांच्या चरित्र भूमिका आजही अनेकांना चेहऱ्याने आठवतात, नावाने क्वचितच.

प्रभात बंद पडल्यावर पुण्यातली तिची जागा केंद्र सरकारने घेतली आणि १९६० मध्ये तिथे चित्रपटाचे शिक्षण देणारी संस्था उभी राहिली. तिचे पहिले प्रमुख म्हणून १९६१ मध्ये जागीरदार आले. ज्या आवारात त्यांनी मिर्झा आणि रामशास्त्री रंगवले, तिथेच आता ही विद्या नव्या मुलांना शिकवायची होती. प्रमुखपद त्यांच्याकडे फार काळ राहिले नाही, पण अभिनय ही केवळ उपजत देणगी नसून शिकण्या-शिकवण्याची गोष्ट आहे, ही त्यांची धारणा कायम राहिली. ‘अभिनय कसा करावा’ हे पुस्तक त्यातूनच आले. ‘पाऊलखुणा’ हे त्यांचे आत्मचरित्र.

आयुष्याच्या अखेरच्या पर्वात त्यांनी रणजित देसाई यांच्या ‘स्वामी’ या कादंबरीवर दूरदर्शनसाठी मालिका केली. रवींद्र मंकणी यांचे माधवराव पेशवे आणि मृणाल देव यांच्या रमाबाई घरोघर पोचल्या. दिग्दर्शकाचे वय तेव्हा ऐंशीच्या घरात होते. १३ ऑगस्ट १९८८ रोजी जागीरदार यांचे निधन झाले.