स्टीव्ह ग्लीसन
स्टीव्ह ग्लीसन (जन्म: १९ मार्च, १९७७, स्पोकेन, वॉशिंग्टन, अमेरिका) हे अमेरिकन फुटबॉलचे माजी व्यावसायिक खेळाडू आणि एएलएस या असाध्य मज्जाविकाराच्या रुग्णांसाठी काम करणारे कार्यकर्ते आहेत. नॅशनल फुटबॉल लीग अर्थात एनएफएलमध्ये ते न्यू ऑर्लिन्स सेंट्स या एकाच संघाकडून खेळले. त्यांची कारकीर्द मुख्यतः संघाच्या विशेष पथकात म्हणजेच 'स्पेशल टीम्स'मध्ये घडली. २५ सप्टेंबर, २००६ रोजी अटलांटा फाल्कन्सविरुद्धच्या सामन्यात त्यांनी अडवलेली पंट हा कतरिना चक्रीवादळानंतर सावरणाऱ्या न्यू ऑर्लिन्स शहराच्या पुनरुत्थानाचे प्रतीक मानला जातो. २०११ साली त्यांना एएलएस झाल्याचे निदान झाले. अमेरिकन काँग्रेसचे सुवर्णपदक मिळालेले ते एनएफएलचे पहिले खेळाडू आहेत.

पार्श्वभूमी: विशेष पथक
अमेरिकन फुटबॉलमध्ये मैदानावर प्रत्येक संघाचे ११ खेळाडू असतात. चेंडू ताब्यात असलेल्या संघाची आक्रमक फळी आणि प्रतिस्पर्ध्याची बचाव फळी समोरासमोर उभ्या राहतात. आक्रमक संघाला चार प्रयत्नांत किमान १० यार्ड पुढे सरकावे लागते. तीन प्रयत्न फसले तर बहुतेक वेळा चौथ्या प्रयत्नात चेंडू लाथाडून शक्य तितका दूर, प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेच्या दिशेने धाडला जातो. या लाथेला पंट म्हणतात. पंट, सामन्याच्या आरंभीची व गुणांनंतरची किकऑफ, मैदानी गोल आणि टचडाउननंतरचा अतिरिक्त गुण अशा लाथेच्या प्रसंगी मैदानात उतरणाऱ्या खेळाडूंच्या गटाला विशेष पथक म्हणतात.

पंटच्या वेळी मधला खेळाडू आपल्या पायांमधून चेंडू सुमारे १५ यार्ड मागे उभ्या असलेल्या पंटरकडे फेकतो. चेंडू सुटल्यापासून तो लाथाडला जाईपर्यंत साधारण दोन सेकंदांचाच अवधी मिळतो. तेवढ्या वेळात रक्षकांची रांग भेदून, चेंडूच्या मार्गात हात घालून तो अडवणे ही या खेळातील दुर्मीळ घटना समजली जाते. अशा वेळी सुटलेला चेंडू दोन्हीपैकी कोणताही संघ उचलू शकतो. त्यामुळे एका क्षणात सामन्याचे पारडे फिरू शकते.

विशेष पथकातील खेळाडू प्रेक्षकांना फारसे परिचित नसतात. संघातील जागा टिकवण्यासाठी धडपडणारे, निवड मेळाव्यात कुणी न घेतलेले खेळाडू अनेकदा याच मार्गाने संघात शिरकाव करतात. एनएफएलमध्ये २०२४ पूर्वी किकऑफच्या वेळी मैदानाची लांबी पूर्ण वेगाने धावत जाऊन समोरून येणाऱ्यावर आदळावे लागत असल्याने हे काम धोक्याचेही असे. केवळ या कामावर नावलौकिक मिळवणारे खेळाडू थोडे आहेत. बफेलो बिल्सचे स्टीव्ह टास्कर (सात वेळा प्रो बोलसाठी निवड) आणि न्यू इंग्लंड पेट्रियट्सचे मॅथ्यू स्लेटर (दहा वेळा निवड) ही त्यांतील ठळक नावे होत. ग्लीसन यांच्या नावावर असे मानसन्मान नाहीत. त्यांची ओळख एका लाथेला दिलेल्या एका धडकेने ठरली.

सुरुवातीचे जीवन
ग्लीसन यांचे बालपण वॉशिंग्टन राज्याच्या पूर्व भागातील स्पोकेन शहरात गेले. तेथील गोन्झागा प्रिपरेटरी शाळेत त्यांचे माध्यमिक शिक्षण झाले. पुढे त्यांनी वॉशिंग्टन स्टेट विद्यापीठात प्रवेश घेतला. तेथे ते फुटबॉल संघात लाइनबॅकर या बचावात्मक स्थानावर खेळत. बेसबॉल संघातही त्यांचा समावेश होता. विद्यापीठाच्या फुटबॉल संघाने १९९७ च्या हंगामात चांगली कामगिरी करून १ जानेवारी, १९९८ रोजी झालेल्या रोझ बोल सामन्यात प्रवेश मिळवला. या सामन्यात मिशिगन विद्यापीठाने त्यांच्या संघाचा २१-१६ असा पराभव केला.

व्यावसायिक कारकीर्द
२००० सालच्या एनएफएल निवड मेळाव्यात कोणत्याही संघाने ग्लीसन यांची निवड केली नाही. लाइनबॅकरच्या मानाने त्यांची शरीरयष्टी लहान समजली गेली. इंडियानापोलिस कोल्ट्सने त्यांना करारबद्ध केले, परंतु हंगामापूर्वीच मुक्त केले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये न्यू ऑर्लिन्स सेंट्सने त्यांना आपल्या सराव पथकात घेतले. त्यानंतर ते निवृत्तीपर्यंत याच संघात राहिले. त्यांचा गणवेश क्रमांक ३७ होता. कागदोपत्री ते बचाव फळीतील सेफ्टी होते, तरी त्यांचा खरा उपयोग विशेष पथकात झाला. वजन आणि उंचीची उणीव ते वेग, निर्भयता आणि प्रतिस्पर्ध्याच्या रचनेचा अभ्यास यांनी भरून काढत.

कतरिना चक्रीवादळ आणि सुपरडोम
२९ ऑगस्ट, २००५ रोजी कतरिना चक्रीवादळ अमेरिकेच्या आखाती किनाऱ्यावर धडकले. न्यू ऑर्लिन्सचे पूरनियंत्रक बांध फुटून शहराचा बहुतांश भाग पाण्याखाली गेला. सेंट्सचे घरचे मैदान असलेल्या सुपरडोममध्ये हजारो पूरग्रस्तांनी आश्रय घेतला. फाटलेले छत, बंद पडलेली वीज आणि अपुरे अन्नपाणी यांमुळे ही वास्तू त्या आपत्तीतील हालअपेष्टांचे जगभर दिसलेले चित्र बनली.

२००५ च्या हंगामात सेंट्सला आपले 'घरचे' सामने सॅन अँटोनियो, बॅटन रूज आणि न्यू जर्सीतील जायंट्स स्टेडियम येथे खेळावे लागले. त्या हंगामात संघाने १६ पैकी केवळ ३ सामने जिंकले. संघ कायमचा दुसऱ्या शहरात हलवला जाईल, अशी भीती नागरिकांना वाटत होती. २००६ मध्ये शॉन पेटन यांची प्रशिक्षकपदी नेमणूक झाली आणि क्वार्टरबॅक ड्रू ब्रीस संघात आले. दरम्यान सुपरडोमची दुरुस्ती पूर्ण करण्यात आली.

२५ सप्टेंबर, २००६ चा सामना
सुमारे २१ महिन्यांच्या खंडानंतर सुपरडोममध्ये झालेला हा पहिला साखळी सामना होता. प्रतिस्पर्धी होता सेंट्सचा जुना वैरी अटलांटा फाल्कन्स. सामन्यापूर्वी यू२ आणि ग्रीन डे या वाद्यवृंदांनी कार्यक्रम सादर केला. नाणेफेक माजी राष्ट्राध्यक्ष जॉर्ज एच. डब्ल्यू. बुश यांच्या हस्ते झाली.

फाल्कन्सचे पहिले तीन प्रयत्न सेंट्सच्या बचाव फळीने रोखले. चौथ्या प्रयत्नात पंटर मायकेल कोनेन लाथ मारण्यास सिद्ध झाले. सामना सुरू होऊन जेमतेम दीड मिनिट झाले होते. चेंडू मागे फेकला जाताच ग्लीसन रांगेच्या मधल्या भागातून घुसले आणि दोन्ही हात पसरून त्यांनी झेप घेतली. कोनेन यांच्या पायातून निघालेला चेंडू त्यांच्या हातांवर आदळून मागे उडाला. सेंट्सच्या कर्टिस डेलोच यांनी तो गोलक्षेत्रात ताब्यात घेऊन टचडाउन नोंदवला. सेंट्सने हा सामना २३-३ असा जिंकला. त्या हंगामात संघ १० विजयांसह नॅशनल फुटबॉल कॉन्फरन्सच्या अंतिम सामन्यापर्यंत पोहोचला. तेथे शिकागो बेअर्सने त्याला ३९-१४ असे हरवले.

खेळाच्या हिशेबात हे एका साखळी सामन्यातील सहा गुण होते. घरदार गमावलेल्या नागरिकांच्या लेखी मात्र शहर परत आल्याची ती ग्वाही ठरली. २७ जुलै, २०१२ रोजी सुपरडोमच्या बाहेर या क्षणाचे ब्राँझ शिल्प उभारण्यात आले. त्याचे नाव 'रीबर्थ' म्हणजे 'पुनर्जन्म' असे आहे.

निवृत्ती आणि आजार
मार्च २००८ मध्ये ग्लीसन यांनी निवृत्ती जाहीर केली. त्याच वर्षी न्यू ऑर्लिन्सच्या रहिवासी मिशेल व्हारिस्को यांच्याशी त्यांचा विवाह झाला. फेब्रुवारी २०१० मध्ये सेंट्सने कोल्ट्सला ३१-१७ असे हरवून सुपर बोल ४४ जिंकला, तेव्हा ग्लीसन संघात नव्हते. तथापि संघाने पुढे त्यांनाही विजेतेपदाची अंगठी दिली.

जानेवारी २०११ मध्ये त्यांना एएलएस म्हणजेच ॲमायोट्रोफिक लॅटरल स्क्लेरोसिस झाल्याचे निदान झाले. बेसबॉलपटू लू गेरिग यांच्या नावाने अमेरिकेत ओळखला जाणारा हा आजार मोटर न्यूरॉन आजारांच्या गटात मोडतो. त्यात मेंदू आणि मज्जारज्जूतील, स्नायूंची हालचाल नियंत्रित करणाऱ्या चेतापेशी क्रमाने नष्ट होतात. हातपाय, वाचा, गिळणे आणि शेवटी श्वसन यांवरील ताबा जातो. बहुतेक रुग्णांची विचारशक्ती शाबूत राहते आणि डोळ्यांची हालचाल दीर्घकाळ टिकते. हा आजार बरा करणारा उपचार उपलब्ध नाही. निदानानंतरचे आयुर्मान सामान्यतः दोन ते पाच वर्षे मानले जाते.

अमेरिकन फुटबॉल आणि मज्जाविकार यांच्या संबंधाचा प्रश्न या काळात चर्चेत होता. २०१२ साली 'न्यूरॉलॉजी' या नियतकालिकात प्रसिद्ध झालेल्या, एनएफएलच्या ३,४३९ माजी खेळाडूंच्या अभ्यासात एएलएसमुळे होणाऱ्या मृत्यूंचे प्रमाण सर्वसाधारण लोकसंख्येच्या सुमारे चौपट आढळले. अशा आकडेवारीवरून एखाद्या विशिष्ट रुग्णाच्या आजाराचे कारण मात्र सिद्ध होत नाही.

ग्लीसन यांनी सप्टेंबर २०११ मध्ये आपला आजार जाहीर केला. २५ सप्टेंबर रोजी, त्या पंटला बरोबर पाच वर्षे पूर्ण झाली असता, ह्यूस्टन टेक्सन्सविरुद्धच्या सामन्यापूर्वी त्यांनी सुपरडोममध्ये प्रेक्षकांकडून संघाची घोषणा म्हणवून घेतली. पुढच्याच महिन्यात त्यांचा मुलगा रिव्हर्स याचा जन्म झाला. २०१८ मध्ये त्यांना ग्रे ही मुलगी झाली.

कालांतराने त्यांचे हातपाय आणि वाचा गेली. ते श्वसनयंत्राच्या साहाय्याने जगतात आणि डोळ्यांच्या हालचालींनी चालणाऱ्या संगणकाद्वारे लिहितात व बोलतात. सप्टेंबर २०२४ मध्ये फ्रान्सीन चक्रीवादळादरम्यान प्रकृती बिघडल्याने त्यांना रुग्णालयात हलवावे लागले होते.

टीम ग्लीसन
२०११ साली ग्लीसन दांपत्याने 'टीम ग्लीसन' ही सेवाभावी संस्था स्थापन केली. एएलएसच्या रुग्णांना संवादाची उपकरणे, विजेवर चालणाऱ्या चाकाच्या खुर्च्या आणि अन्य साहित्य मिळवून देणे, त्यांच्या प्रवासाला साहाय्य करणे आणि संशोधनाला चालना देणे ही संस्थेची प्रमुख कार्ये आहेत. 'नो व्हाइट फ्लॅग्ज' हे तिचे घोषवाक्य आहे. शरणागतीचे पांढरे निशाण फडकवायचे नाही, असा त्याचा आशय आहे.

तंत्रज्ञान हाच सध्या रुग्णांसाठी उपलब्ध असलेला उपाय आहे, अशी भूमिका ग्लीसन यांनी मांडली. २०१४ मध्ये त्यांनी मायक्रोसॉफ्टच्या अभियंत्यांपुढे केवळ डोळ्यांनी चालवता येईल अशी चाकाची खुर्ची बनवण्याचे आव्हान ठेवले. त्यातून सुरू झालेल्या कामाची परिणती २०१७ साली विंडोज १० प्रणालीत नेत्रनियंत्रणाची सोय समाविष्ट होण्यात झाली.

स्टीव्ह ग्लीसन कायदा
अमेरिकेच्या मेडिकेअर या सरकारी आरोग्य विमा योजनेच्या २०१४ मधील नियमबदलामुळे वाचा निर्माण करणारी उपकरणे रुग्णाला थेट मालकीने न मिळता १३ महिने भाड्याने घ्यावी लागू लागली. या काळात रुग्ण रुग्णालयात किंवा शुश्रूषागृहात दाखल झाल्यास भाड्याची रक्कम थांबत असे. परिणामी सर्वाधिक गरजेच्या वेळीच त्याचा 'आवाज' काढून घेतला जाण्याची शक्यता निर्माण झाली. ग्लीसन आणि इतर रुग्णांनी याविरुद्ध मोहीम उघडली. लुइझियानाचे सिनेटर डेव्हिड व्हिटर यांनी मांडलेले विधेयक काँग्रेसने संमत केले आणि ३० जुलै, २०१५ रोजी राष्ट्राध्यक्ष बराक ओबामा यांनी त्यावर स्वाक्षरी केली. या कायद्याने उपकरणे थेट विकत मिळण्याची सोय पुन्हा उपलब्ध झाली. ही तरतूद मूलतः २०१८ पर्यंत मर्यादित होती. २०१८ च्या आरंभी ती कायम करण्यात आली.

ध्वनिमुद्रणाचा वाद
ग्लीसन यांच्यावर माहितीपट बनवणारे शॉन पॅम्फिलॉन यांनी जानेवारी २०१२ मध्ये सेंट्सच्या एका बैठकीचे ध्वनिमुद्रण केले होते. त्यात बचाव प्रशिक्षक ग्रेग विल्यम्स हे खेळाडूंना सॅन फ्रान्सिस्को फोर्टीनायनर्सच्या विशिष्ट खेळाडूंना इजा करण्यास चिथावताना ऐकू येतात. प्रतिस्पर्ध्यांना जखमी करण्यासाठी बक्षिसे दिल्याच्या प्रकरणात सेंट्सवर एनएफएलची कारवाई सुरू असताना, एप्रिल २०१२ मध्ये हे ध्वनिमुद्रण प्रसिद्ध झाले. आपण त्यास संमती दिली नव्हती, असे ग्लीसन यांनी जाहीर केले.

चित्रपट आणि लेखन
मुलाच्या जन्मापूर्वीपासून ग्लीसन यांनी त्याच्यासाठी दृक्श्राव्य रोजनिशी ठेवण्यास सुरुवात केली होती. आपली वाचा जाण्याआधी मुलाला सांगायचे ते सांगून ठेवणे हा त्यामागील हेतू होता. या चित्रणावर आधारित आणि क्ले ट्वील दिग्दर्शित 'ग्लीसन' हा माहितीपट जानेवारी २०१६ मध्ये सनडान्स चित्रपट महोत्सवात प्रथम दाखवण्यात आला. आजाराने कुटुंबावर, विशेषतः शुश्रूषा करणाऱ्या पत्नीवर पडणारा ताण त्यात न झाकता दाखवला आहे. २०२४ साली त्यांचे 'अ लाइफ इम्पॉसिबल' हे आत्मकथन प्रसिद्ध झाले. क्रीडापत्रकार जेफ डंकन हे त्याचे सहलेखक आहेत. त्यातील ग्लीसन यांचे लेखन डोळ्यांच्या हालचालींनी झाले आहे.

सन्मान
काँग्रेसचे सुवर्णपदक हा अमेरिकेतील सर्वोच्च नागरी सन्मानांपैकी एक होय. ग्लीसन यांना ते देण्याच्या विधेयकाचे प्रवर्तन सिनेटर बिल कॅसिडी आणि प्रतिनिधी सेड्रिक रिचमंड यांनी केले. १५ जानेवारी, २०२० रोजी वॉशिंग्टन डी.सी. येथील कॅपिटॉलमध्ये झालेल्या समारंभात त्यांना हे पदक प्रदान करण्यात आले. २०२४ साली त्यांना धैर्यासाठीचा आर्थर ॲश पुरस्कार मिळाला.