पार्श्वसंगीताविना ‘कुंकू’

प्रयोगशील चित्रपट सामान्य प्रेक्षकाला झेपत नाही, असा समज आपल्याकडे रूढ आहे. इतिहास पाहता तो आम्हांस मान्य करवत नाही.

१९३७ साली पुण्याच्या ‘प्रभात’ने व्ही. शांताराम यांच्या दिग्दर्शनाखाली ‘कुंकू’ काढला. ना. ह. आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवर तो आधारलेला होता. वृद्ध विधुराशी लग्न लावून दिलेली नीरा ते लग्न मनाने नाकारते, हा विषय त्या काळी धाडसाचाच. पण तितकेच मोठे धाडस ध्वनीचे होते. शांतारामांनी पार्श्वसंगीत वगळले आणि प्रसंगातले स्वाभाविक आवाज तेवढे ठेवले. कोठे हळहळावे, कोठे चिडावे, हे सांगायला वाद्ये नव्हती; ते प्रेक्षकाने स्वतःच ठरवायचे होते. घरातले जुने घड्याळ काकासाहेबांच्या ओसरत्या वयाची जाणीव देत राहते, तीही न बोलता. शांता आपटे आणि केशवराव दाते यांचा हा चित्रपट लोकांनी उचलून धरला.

प्रभातच्या त्याच वास्तूत १९६० साली सरकारने चित्रपटशिक्षणाची संस्था सुरू केली. तेथेच शिकलेल्या मणी कौल यांनी १९६९ साली मोहन राकेश यांच्या कथेवरून ‘उसकी रोटी’ केला. बसचालक नवऱ्याची शिदोरी घेऊन रस्त्याकडेला वाट पाहणारी स्त्री, एवढेच कथानक. ‘कुंकू’त काळ घड्याळातून कळतो, येथे प्रेक्षकालाच तिच्याबरोबर तिष्ठावे लागते. समीक्षकांनी तो गौरवला, परंतु व्यावसायिक रीतीने तो प्रदर्शित झालाच नाही. म्हणजे प्रेक्षकांनी तो नाकारला असे म्हणता येत नाही. त्यांच्यापुढे तो आलाच नाही. निकाल इतरांनीच दिला.

ही गोष्ट आपणांस विशेष जवळची वाटावी. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत जोयड्यासह आपला जिल्हा मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला. त्यानंतरही आपल्या घरांत मराठी राहिली, ती बरीचशी कानांवर. कीर्तनात न सांगितलेला अर्थ आपले वाडवडील जुळवून घेत. अशा श्रोत्यांच्या वंशजांना अवघड चित्रपट कळणार नाही, असे आधीच कोणी का ठरवावे?

आता चित्रपट हातातल्या फोनवर येतो. कंटाळा आला की बोटाने पुढे सरकवता येतो. तिष्ठण्याचा अनुभव तेथेच हरवतो. म्हणून मंडळाने हे दोन्ही चित्रपट एकत्र बसून, मध्ये न थांबवता दाखवावेत, अशी आमची सूचना आहे. ‘उसकी रोटी’ कोणाला आवडेल, कोणाला नाही. पण तो निकाल पाहणाऱ्यांचा स्वतःचा असेल.