मद्याच्या अवैध वाहतुकीच्या खटल्यांतील फौजदारी अपील

पास अथवा परवाना नसताना, किंवा त्यातील अटी मोडून, मद्याची ने-आण केल्याच्या आरोपावर कनिष्ठ न्यायालयाने दिलेला दोषसिद्धीचा, शिक्षेचा किंवा निर्दोष मुक्ततेचा निर्णय वरिष्ठ न्यायालयाने पुराव्यानिशी पुन्हा तपासण्याची कार्यवाही. महाराष्ट्रात अशा खटल्यांचा पाया १९४९ चा मुंबई दारूबंदी अधिनियम, म्हणजे आजचा महाराष्ट्र दारूबंदी अधिनियम, हा आहे. १९६० मध्ये मुंबई राज्याचे विभाजन झाल्यावर गुजरातनेही तोच कायदा पुढे चालवला. १९५१ च्या बलसारा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने त्यातील काही तरतुदी अवैध ठरवल्या आणि उरलेला कायदा कायम ठेवला. कलम १२ ने मद्याची आयात, निर्यात, वाहतूक आणि ते जवळ बाळगणे यांवर बंदी घातलेली असून, राज्याबाहेरून मद्य आणल्यास मुख्यतः कलम ६५ आणि राज्यांतर्गत वाहतुकीस किंवा मद्य बाळगण्यास कलम ६६ लावले जाते. गोव्यात करभार कमी असल्याने तेथील मद्य स्वस्त पडते, तर वर्धा आणि गडचिरोली या जिल्ह्यांत दारूबंदी आहे. त्यामुळे सिंधुदुर्गातील नाके आणि विदर्भातील जिल्हासीमा येथून असे खटले सातत्याने उभे राहतात.

खटला बहुधा प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यापुढे चालतो आणि त्याच्या शिक्षेवरील अपील सत्र न्यायालयात जाते. १ जुलै २०२४ पासून या अपिलांना भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम ४१५ लागू झाले असून, त्या तारखेपूर्वी प्रलंबित असलेली अपिले १९७३ च्या जुन्या संहितेनुसारच चालतात. सत्र न्यायालयातील अपिलाची मुदत तीस दिवसांची, तर उच्च न्यायालयातील साठ दिवसांची आहे; उशिराचे समाधानकारक कारण दाखवल्यास तो माफ होऊ शकतो. अपील प्रलंबित असेपर्यंत शिक्षा स्थगित करून जामीन देता येतो. आरोपीने गुन्हा कबूल केला असेल तर मात्र शिक्षेचे प्रमाण आणि तिची वैधता एवढ्यापुरतेच अपील करता येते. वकील न मिळालेला मजूर किंवा क्लीनर दंड भरून सुटण्याच्या आशेने कबुली देतो, तेव्हा आपण कोणता हक्क सोडून देत आहोत याची त्याला क्वचितच कल्पना असते, म्हणून ही मर्यादा त्याला कबुलीपूर्वीच समजावून सांगणे अत्यावश्यक ठरते. सत्र न्यायालयाचा निकालही प्रतिकूल गेला, तर उच्च न्यायालयात पुनरीक्षण अर्ज करता येतो. परंतु पुनरीक्षणात निकालाची कायदेशीरता, औचित्य आणि कार्यपद्धती पाहिली जाते, पुरावा एरवी नव्याने तोलला जात नाही. त्यामुळे वस्तुस्थितीचा खरा फेरविचार सत्र न्यायालयातच होतो.

या अपिलांचा गाभा पुराव्याच्या साखळीत असतो. जप्त केलेले पेटारे किंवा हातभट्टीच्या दारूचे फुगे अपिलाच्या वेळी बहुधा अस्तित्वात नसतात, कारण नमुने काढल्यावर उरलेला मुद्देमाल नष्ट केला जातो. वरिष्ठ न्यायालयापुढे उरतात ते पंचनामा, सीलबंद नमुन्यांची नोंद, रासायनिक विश्लेषकाचा अहवाल आणि साक्षीदारांच्या जबान्या. म्हणून नमुना प्रत्येक प्रकारच्या मालातून घेतला होता की एकाच बाटलीतून, लाखेचे सील कोणाच्या ताब्यात होते, ठाण्यातील मुद्देमाल नोंदवहीत ते नमुने कधी चढले आणि प्रयोगशाळेत पोहोचेपर्यंत मध्ये किती दिवस गेले, हे प्रश्न निर्णायक ठरतात. पंच फितूर झाले एवढ्यावरून खटला कोसळत नाही, कारण पोलिसांची साक्ष विश्वासार्ह असेल तर तिच्यावरही दोषसिद्धी टिकते; पण स्वतंत्र पंच फिरलेला असताना अशा साक्षीतील विसंगती अधिक काटेकोरपणे पाहावी लागते. छापा घालणाऱ्या अधिकाऱ्यानेच तपास केल्यामुळे खटला आपोआप दूषित होत नाही, असे घटनापीठाने २०२० मध्ये अमली पदार्थांच्या संदर्भात ठरवले असून, या खटल्यांतही तो दाखला दिला जातो.

दुसरा कळीचा मुद्दा जाणीवपूर्वक ताब्याचा, म्हणजे आपल्याजवळ काय आहे हे माहीत असून ते बाळगण्याचा आहे. दारूबंदी अधिनियमाच्या कलम १०३ नुसार, मद्य जवळ असल्याचे समाधानकारक स्पष्टीकरण आरोपीला देता आले नाही, तर उलट सिद्ध होईपर्यंत गुन्ह्याचे गृहीतक मांडले जाते. हे गृहीतक ताबा सिद्ध झाल्यानंतरच उभे राहते. ताबा सिद्ध करण्याचे ओझे सरकार पक्षावरच असते आणि आरोपीचे स्पष्टीकरण संभाव्यतेच्या पातळीवर पटण्याजोगे असले तरी पुरते. भाजीच्या क्रेटांखाली बाटल्या लपवलेल्या ट्रकचा चालक आणि त्याच ट्रकमध्ये वाटेत बसलेला प्रवासी यांना एका मापाने मोजणारा निकाल अपिलात टिकू नये, हेच या तत्त्वाशी सुसंगत आहे.

अपील न्यायालय शिक्षा रद्द करू शकते, कमी करू शकते किंवा फेरसुनावणीचा आदेश देऊ शकते. केवळ आरोपीने केलेल्या अपिलात मात्र शिक्षा वाढवता येत नाही. फेरसुनावणी अपवादानेच द्यावी, सरकार पक्षाच्या पुराव्यातील उणिवा भरून काढण्यासाठी नव्हे, हे सूत्र सर्वोच्च न्यायालयाने १९६३ मध्ये दारूबंदी कायद्याखालील जळगावकडच्या एका प्रकरणात मांडले आणि तेथे फेरसुनावणीऐवजी अतिरिक्त पुरावा घेण्याचा मार्ग दाखवला. निर्दोष मुक्ततेविरुद्ध शासनालाही अपील करता येते. तेथे आरोपीच्या निर्दोषत्वाचे गृहीतक अधिक बळकट झालेले असते, असे २००७ मध्ये कर्नाटकातील एका प्रकरणात स्पष्ट झाले आहे.

वाहनाचा प्रश्न आरोपीच्या शिक्षेइतकाच गंभीर असतो. दारूबंदी अधिनियमाच्या कलम ९८ नुसार वाहतुकीस वापरलेले वाहन सरकारजमा होऊ शकते, मात्र गुन्हा घडू नये म्हणून योग्य ती दक्षता घेतली होती हे मालकाने पटवून दिल्यास ते वाचते. खटला संपेपर्यंत गाड्या ठाण्याच्या आवारात गंजत ठेवू नयेत आणि पंचनामा, छायाचित्रे व हमी घेऊन त्या लवकर सोडाव्यात, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये गुजरातमधील प्रकरणात सांगितले. नव्या संहितेच्या कलम १०५ ने झडती व जप्तीचे दृक्‌श्राव्य चित्रण आवश्यक केल्यामुळे, पुढील अपिलांत पंचनाम्याच्या शेजारी ते चित्रणही वाचले जाईल आणि ते नसेल तर त्याचे कारण तपास अधिकाऱ्याला उलटतपासणीत द्यावे लागेल.