कांतोर, आंद्रेस

कांतोर, आंद्रेस : (जन्म २२ डिसेंबर १९६२). अमेरिकेतील स्पॅनिश भाषेचे फुटबॉल समालोचक, क्रीडापत्रकार आणि नभोवाणी उद्योजक. जन्म अर्जेंटिनाची राजधानी ब्वेनोस आइरेस येथे, एका ज्यू कुटुंबात. किशोरवयात ते कॅलिफोर्नियात आले, तिथेच शिकले आणि १९८७पासून आधी ‘युनिव्हिजन’, मग ‘टेलेमुंडो’ या स्पॅनिश वाहिन्यांवर त्यांचा आवाज घरोघरी पोहोचला. गोल झाल्यावर श्वास पुरेल तोवर लांबवलेली ‘गोऽऽऽल’ ही त्यांची आरोळी फुटबॉल न पाहणाऱ्या अमेरिकनांच्याही ओळखीची झाली. मात्र कांतोर यांचे काम त्या आरोळीपुरते मोजणे अन्यायाचे ठरेल. अमेरिकेच्या इंग्रजी माध्यमांनी ज्या खेळाकडे वर्षानुवर्षे पाठ फिरवली होती, तो खेळ स्पॅनिश वाहिन्यांनी जिवंत ठेवला. त्या घडामोडीचा सर्वांत ठळक साक्षीदार आणि शिल्पकार म्हणून त्यांची नोंद घ्यावी लागते.

अर्जेंटिनात फुटबॉल जितका पाहिला जातो तितकाच ऐकला जातो. कांतोर यांच्या लहानपणी ‘रादिओ रिवादाविया’वरचे होसे मारिया मुन्योस हे त्या देशातले सर्वांत प्रसिद्ध समालोचक होते. १९७८चा विश्वचषक अर्जेंटिनाने मायदेशी जिंकला तेव्हा असंख्य घरांत त्याची वार्ता मुन्योस यांच्याच तोंडून पोहोचली. या परंपरेत कामाची विभागणी पक्की असते. एक जण चेंडूबरोबर धावत प्रत्येक पासचे वर्णन करतो, दुसरा खेळ थांबला की डावपेच उलगडून सांगतो. धावत्या वर्णनाचा वेग इतका असतो की श्रोत्याला चेंडू कुठल्या बाजूला आहे हे समालोचकाच्या पट्टीवरूनच कळते. कांतोर यांच्यावर झालेला हा संस्कार त्यांनी परक्या देशात नेला आणि तिथे पातळ होऊ दिला नाही.

कुटुंब स्थायिक झाले ते लॉस एंजेलिसजवळच्या सॅन मरीनो या गावात, पॅसाडेनाच्या अगदी शेजारी. तिथल्या शाळेतून ते सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठात गेले. सुरुवातीचे काम लेखणीचे होते, अर्जेंटिनातील नियतकालिकांसाठी अमेरिकेतून वार्तांकन करण्याचे. त्या काळी अमेरिकेत राहून फुटबॉलवर उपजीविका करू पाहणे हे धाडसच होते. पेले आणि बेकेनबाउर यांना खेळवणारी नॉर्थ अमेरिकन सॉकर लीग १९८४च्या हंगामानंतर बंद पडली आणि तिची जागा घेणारी मेजर लीग सॉकर १९९६मध्ये सुरू झाली. मधली अकरा वर्षे देशात अव्वल दर्जाची राष्ट्रीय मैदानी लीगच नव्हती. इंग्रजी वृत्तपत्रांच्या क्रीडापानांवर हा खेळ कोपऱ्यात असे, दूरचित्रवाणीवर तर जवळपास नसेच.

स्पॅनिश घरांत मात्र चित्र उलटे होते. १९८०च्या जनगणनेत अमेरिकेतील हिस्पॅनिक लोकसंख्या सुमारे १ कोटी ४६ लाख होती, १९९०मध्ये ती २ कोटी २४ लाखांवर गेली. यात मेक्सिकन वंशाचे लोक सर्वाधिक, आणि त्यांना रविवारी आपल्या क्लबचा सामना पाहायचा होता. युनिव्हिजनने १९८७मध्ये कांतोर यांना घेतले ते मेक्सिकन लीगच्या सामन्यांच्या समालोचनासाठी. अर्जेंटिनी उच्चारांच्या तरुणाने मेक्सिकन प्रेक्षकाला त्याचाच क्लब वर्णन करून सांगायचा, ही परीक्षा सोपी नव्हती. प्रेक्षकांत ग्वातेमाला, कोलंबिया, एल साल्वादोर, पेरू असे वीसेक देश मिसळलेले. ब्वेनोस आइरेसमधला गोलरक्षक ‘आर्केरो’, मेक्सिको सिटीतला ‘पोर्तेरो’. यांतल्या कुणालाही परके वाटू न देता बोलणे ही अमेरिकेतील स्पॅनिश समालोचकाची रोजची कसरत असते, आणि त्यात कांतोर लवकरच तयार झाले.

४ जुलै १९८८ रोजी फिफाने १९९४चा विश्वचषक अमेरिकेला बहाल केला. पुढच्याच वर्षी, १९ नोव्हेंबर १९८९ला, पोर्ट ऑफ स्पेनमध्ये पॉल कॅलिजुरीच्या गोलने त्रिनिदादला हरवून अमेरिकेचा संघ चाळीस वर्षांनी विश्वचषकाला पात्र ठरला. १९९०ची इटलीतील स्पर्धा इंग्रजीत टीएनटी वाहिनीने दाखवली, पण चालू खेळात जाहिराती घालून. फुटबॉलमध्ये पंचेचाळीस मिनिटे सलग खेळ चालतो, ही साधी गोष्टही त्या वाहिनीच्या वेळापत्रकात बसत नव्हती. अस्सल शौकीन, मग त्याला स्पॅनिश येवो न येवो, युनिव्हिजनकडे वळला. तिथे कांतोर आणि त्यांचे अर्जेंटिनी सहकारी नॉर्बेर्तो लोंगो बोलत होते. त्या स्पर्धेचा शेवट कांतोर यांच्या मायदेशासाठी कडू होता. ८ जुलैला रोममध्ये ८५व्या मिनिटाला आंद्रेआस ब्रेमेने पेनल्टीवर गोल केला आणि पश्चिम जर्मनीने अर्जेंटिनाला १-० हरवले.

मग १९९४चा उन्हाळा आला. नऊ शहरे, चोवीस संघ, बावन्न सामने, १४१ गोल आणि मैदानांवर एकूण ३५ लाख ८७ हजारांहून अधिक प्रेक्षक. फुटबॉल इथे चालणारच नाही म्हणणाऱ्यांना मैदानांनीच उत्तर दिले. इंग्रजी प्रसारणावर एबीसी आणि ईएसपीएन होते आणि या वेळी त्यांनी खेळ तोडून जाहिराती दाखवल्या नाहीत. तरीही लोक वाहिनी बदलून कांतोर यांना ऐकत राहिले. स्पॅनिशचा गंध नसलेली मुले अंगणात त्यांची आरोळी नकलू लागली. डेव्हिड लेटरमन यांनी आपल्या रात्रीच्या कार्यक्रमात त्यांना बोलावले, जाहिराती आल्या, वृत्तपत्रांनी मुलाखती घेतल्या. स्थलांतरिताने इंग्रजीचा उंबरठा ओलांडला की त्याला यश म्हणायचे, हा अमेरिकेचा नेहमीचा हिशेब. इथे उंबरठा ओलांडून आला तो इंग्रजी प्रेक्षक, आणि कांतोर आपल्या भाषेत, आपल्या जागी बसून होते. त्यांच्या कारकिर्दीतली सर्वांत महत्त्वाची गोष्ट बहुधा हीच.

त्याच स्पर्धेत दिएगो मारादोना उत्तेजक चाचणीत दोषी ठरून बाहेर गेला आणि अर्जेंटिना कोसळली. १७ जुलैचा अंतिम सामना पॅसाडेनाच्या रोझ बोल मैदानावर झाला, म्हणजे कांतोर यांच्या शाळेपासून काही मैलांवर. ९४ हजारांहून जास्त प्रेक्षक, जुलैचे टळटळीत ऊन, ब्राझील विरुद्ध इटली. जादा वेळ धरून १२० मिनिटांत एकही गोल झाला नाही. ज्या स्पर्धेने कांतोर यांची आरोळी घराघरात नेली, तिच्या शेवटच्या सामन्यात ती द्यायची संधीच आली नाही. रोबेर्तो बाज्जोची पेनल्टी आडव्या दांड्यावरून गेली आणि ब्राझीलने शूटआउट ३-२ जिंकले.

ही आरोळी कांतोर यांनीच शोधली असा समज अमेरिकेत पसरला, पण ती पुष्कळ जुनी आहे. १९४०च्या दशकात ब्राझीलच्या नभोवाणीवर रेबेलो ज्युनिअर यांनी ती रूढ केली असे मानले जाते, आणि पुढे ती दक्षिण अमेरिकेभर पसरली. तिच्यामागे नभोवाणीची गरज आहे. श्रोत्याला चेंडू दिसत नाही. गोल झाला हे त्याला सर्वांत आधी कळायला हवे. कोणी मारला, पास कोणाचा, साहाय्यक पंचाचा झेंडा वर तर नाही, हे मागाहून चालते. लांबलेला स्वर समालोचकाला तेवढी सवड देतो आणि श्रोत्याला ओरडायला जागा देतो. इंग्रजी दूरचित्रवाणीचा रिवाज याच्या विरुद्ध होता. गोल झाला की समालोचकाने गप्प बसावे आणि प्रेक्षकांचा आवाज ऐकू द्यावा. कांतोर यांनी नभोवाणीची रीत चित्रासमोर आणली. तिची टवाळीही झाली आणि अतोनात नक्कलही झाली. पण त्यांचे सामने मुळापासून ऐकले तर लक्षात राहते ती गोलच्या आधीची मिनिटे. हल्ला कुठून रचला जातो आहे, कोण मोकळा धावतो आहे, हे ते आवाज न चढवता सांगतात. चढण्यासाठी आवाजाला आधी खाली असावे लागते, हे भान नकला करणाऱ्यांकडे क्वचितच दिसते.

२०००मध्ये ते युनिव्हिजन सोडून टेलेमुंडोत गेले. हा निर्णय व्यवहाराच्या दृष्टीने महागात पडू शकला असता. २०१४पर्यंतच्या विश्वचषकांचे स्पॅनिश दूरचित्रवाणी हक्क युनिव्हिजनकडेच राहिले, म्हणजे या खेळाच्या सर्वांत मोठ्या उत्सवात देशाच्या सर्वांत ओळखीच्या आवाजाला पडदाच नव्हता. त्यांनी ही उणीव नभोवाणीने भरून काढली. आलेहांद्रो गुतमान यांच्यासह उभारलेल्या ‘फुटबॉल दे प्रिमेरा’ या नभोवाणी जाळ्यातून ते देशभरच्या स्पॅनिश केंद्रांवर विश्वचषकाचे समालोचन करत राहिले. शेतावर, उपाहारगृहाच्या मुदपाकखान्यात, मालट्रकच्या केबिनमध्ये काम करणाऱ्या माणसाला सामन्याच्या वेळी पडद्यासमोर बसता येत नाही, रेडिओ लावता येतो. स्थलांतरित श्रमिकांच्या देशात हे माध्यम किती मोलाचे आहे, हे कांतोर यांना नेमके उमगले होते. याच संस्थेच्या नावाने १९९१पासून अमेरिकेच्या राष्ट्रीय संघातील सर्वोत्तम खेळाडूला पत्रकारांच्या मतांवरून पुरस्कार दिला जाऊ लागला. पहिला मानकरी होता एल साल्वादोरमध्ये जन्मलेला ऊगो पेरेस.

नभोवाणीवरचा त्यांचा सर्वांत गाजलेला क्षण २३ जून २०१०चा, प्रिटोरियातला. अल्जीरियाविरुद्ध बरोबरी झाली तर अमेरिका विश्वचषकाबाहेर जाणार होती. नव्वद मिनिटे संपली, ९१व्या मिनिटाला लँडन डॉनोव्हनने चेंडू जाळ्यात मारला. त्या गोलचे कांतोर यांनी केलेले वर्णन ध्वनिमुद्रणातून वर्षानुवर्षे फिरत राहिले. ज्या देशाने त्यांना आसरा दिला, त्याच्या संघासाठी त्यांचा गळा इतका मोकळा झालेला ऐकून अनेक अमेरिकनांना भरून आले होते.

फिफाने २०११मध्ये अमेरिकेतील हक्क नव्याने विकले तेव्हा स्पॅनिश हक्क टेलेमुंडोला मिळाले. त्यामुळे २०१८च्या रशियातील स्पर्धेत कांतोर विश्वचषकाच्या पडद्यावर परतले. १८ डिसेंबर २०२२ रोजी कतारमधल्या लुसैल मैदानावर अर्जेंटिना आणि फ्रान्स समोरासमोर आले. मेस्सीचे दोन गोल, एम्बापेचे तीन, ३-३ अशी बरोबरी, मग शूटआउट. गोन्सालो मोंतिएलची निर्णायक पेनल्टी आत गेली आणि अर्जेंटिनाने ४-२ अशी बाजी मारली. १९९०मध्ये रोमला आणि २०१४मध्ये रिओला देशाचा अंतिम पराभव अनुभवलेला समालोचक त्या वेळी साठीला चार दिवस कमी होता. मायदेश जगज्जेता झाल्याचे तो पुन्हा पुन्हा सांगत राहिला, आणि सांगता सांगता रडला. समालोचन कक्षातले ते दृश्य जगभर पाहिले गेले.

समालोचकाने तटस्थ असावे, हा नियम या निमित्ताने पुन्हा चर्चेत आला. प्रस्तुत नोंदीच्या दृष्टीने कांतोर यांनी त्या दिवशी काही मोडले नाही. जादा वेळेत एम्बापेने बरोबरी साधली तेव्हाही त्यांनी गोलला द्यायचा तो मान दिला होता. सामना संपेपर्यंत त्यांनी काम केले आणि संपल्यावर ते अर्जेंटिनी झाले. तोवर त्यांचे बहुतेक आयुष्य अमेरिकेत गेले होते. माणूस दोन देशांचा असू शकतो, हे कोट्यवधी स्थलांतरित प्रेक्षकांना त्यांनी समजावून सांगायची गरज नव्हती. त्यांच्यापैकी बहुतेक जण स्वतः तसेच जगत होते.

परदेशातून येऊन अमेरिकेत फुटबॉलचे समालोचक किंवा निवेदक झालेले कांतोर एकटे नाहीत. शांघायमध्ये जन्मलेले मारिओ मचाडो यांनी लॉस एंजेलिसमध्ये या खेळाचा प्रसार केला. आयर्लंडचे टॉमी स्मिथ ईएसपीएनवर दीर्घकाळ बोलले. इंग्लंडहून खेळाडू म्हणून आलेले रे हडसन आपल्या उसळत्या, प्रतिमांनी भरलेल्या इंग्रजीमुळे लोकप्रिय झाले. लिव्हरपूलचे रॉजर बेनेट यांनी मायकेल डेव्हिस यांच्यासह ‘मेन इन ब्लेझर्स’ हा कार्यक्रम उभा केला. चिलीचे लुईस ओमार तापिया आणि अर्जेंटिनाचे फेर्नांदो फिओरे यांनी स्पॅनिश वाहिन्यांवर आपापली शैली रुजवली. या सर्वांत कांतोर यांचे स्थान ज्येष्ठत्वाचे आहे.

दानिएल आर्कुच्ची यांच्या साहाय्याने लिहिलेले त्यांचे फुटबॉलविषयक इंग्रजी पुस्तक १९९६मध्ये प्रसिद्ध झाले. ‘द सिम्पसन्स’ या व्यंगचित्र मालिकेच्या २०१४मधील एका भागात त्यांनी स्वतःच्याच पात्राला आवाज दिला. स्पॅनिश भाषेतील निवेदनासाठी त्यांना स्पोर्ट्स एमी पुरस्कार मिळाले आहेत. अमेरिकेच्या राष्ट्रीय सॉकर हॉल ऑफ फेमने २०२०च्या कॉलिन जोस माध्यम पुरस्कारासाठी त्यांची निवड केली. त्यांचा मुलगा निको कांतोर हाही फुटबॉल निवेदक असून सीबीएसच्या क्रीडाप्रसारणात तो इंग्रजीतून काम करतो.