पोटगी हा उपकार नाही, हक्क आहे!

सध्या मोबाईलवर पोटगीची टिंगल करणाऱ्या रील्सचा पूर आला आहे. पोटगी म्हणजे बायकांनी चालवलेली लूट, असा त्यांचा सूर. दुःख याचे की 'जय भीम' म्हणणारे आपले काही तरुणही त्या पुढे पाठवतात. त्यांच्यासाठी हा इतिहास.

मनुस्मृतीच्या नवव्या अध्यायाप्रमाणे नवऱ्याने बायकोला विकले किंवा टाकले तरी ती त्याच्यापासून मुक्त होत नाही. पुरुषाला मात्र दुसरी, तिसरी बायको करायला मोकळीक. म्हणजे टाकलेल्या बाईला ना नवरा, ना सुटका. भाकरी मिळालीच तर 'चांगल्या चालीची' म्हणून मिळणार. १९२७ साली २५ डिसेंबरला महाडला जे जाळले, त्यात हाही कायदा होता.

मग हिंदू समाजात घटस्फोट नव्हताच का? होता! आपल्या कष्टकरी जातींत काडीमोड होता, पाट होता. तो चिरडायला इंग्रजांची न्यायालये शास्त्राच्या मदतीला धावली. १८६४ साली मुंबई उच्च न्यायालयापुढे 'करसन गोजा' खटला आला. तळपदा कोळी समाजातल्या एका स्त्रीने जातीच्या रूढीप्रमाणे, पण नवऱ्याच्या संमतीशिवाय दुसरे लग्न केले होते. न्यायालयाने ती रूढी हिंदू कायद्याच्या विरुद्ध ठरवली आणि तिचे दुसरे लग्न गुन्हा ठरले. मूठभरांचे शास्त्र असे सगळ्यांच्या गळ्यात बांधले गेले.

१९४६ च्या कायद्याने छळ, परित्याग, नवऱ्याचे दुसरे लग्न अशा कारणांसाठी हिंदू पत्नीला वेगळे राहून पोटगी मागता येऊ लागली. पण घटस्फोटाचा देशभर लागू होणारा कायदा नव्हता आणि मालमत्तेत समान वाटा नव्हता. बाबासाहेबांनी हे सगळे धागे एकत्र बांधले. ९ एप्रिल १९४८ रोजी हिंदू कोड बिल प्रवर समितीकडे पाठवताना त्यांनी वारसा, विवाह, घटस्फोट, दत्तक यांच्या रांगेत पोटगीलाही जागा दिली. घटस्फोटाने धर्म बुडेल अशी ओरड झाली, तेव्हा शूद्रांमध्ये, म्हणजे बहुसंख्य हिंदूंमध्ये, घटस्फोटाची रूढी आहेच, हे त्यांनी सभागृहाला सुनावले. सनातनी रस्त्यावर उतरले, राजेंद्र प्रसादांनी विरोध केला, बिल रखडवले गेले. २७ सप्टेंबर १९५१ रोजी बाबासाहेबांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. हिंदू कोड बिलाचा घात हे त्याचे एक मोठे कारण होते.

पुढे तेच बिल तुकड्या-तुकड्यांनी मंजूर झाले. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात खटला चालू असतानाची पोटगी (कलम २४), कायमची पोटगी (कलम २५) आणि मुलांच्या पालनपोषणाची तरतूद (कलम २६) आली. कलम २४ आणि २५ खाली गरजू नवराही बायकोकडे पोटगी मागू शकतो. मग 'कायदा फक्त बायकांचा' ही बोंब कशासाठी? दत्तक व निर्वाह कायदा २१ डिसेंबर १९५६ रोजी आला, महापरिनिर्वाणानंतर अवघ्या पंधरा दिवसांनी. त्याच्या कलम २० ने विवाहाबाहेर जन्मलेल्या मुलांनाही आईबापाकडून निर्वाहाचा हक्क दिला.

पण मनू पूर्ण गेला का? याच कायद्याचे कलम १८(३) वाचा. पत्नी 'बदचलन' ठरली किंवा धर्मांतराने हिंदू राहिली नाही, तर वेगळे राहून पोटगी मागण्याचा तिचा हक्क जातो. भाकरी आजही चारित्र्याच्या दाखल्यावर! म्हणूनच पोटगीच्या खटल्यात बायकोवर चिखलफेक हे नवऱ्याच्या वकिलाचे आवडते हत्यार आहे. 'तू बौद्ध झालीस, आता पोटगी विसर' अशी धमकी कुणी दिली तर तीही खोटी आहे. कलम २ प्रमाणे हा कायदा बौद्धांनाही लागू आहे.

कागदावरचा हक्क हातात पडणे ही दुसरी लढाई. फौजदारी कायद्यातल्या पोटगीला १९५५ पासून महिना ५०० रुपयांची कमाल मर्यादा होती. महागाई वाढत गेली, पण ती मर्यादा उठायला २००१ साल उजाडले. २०२० मध्ये 'रजनेश विरुद्ध नेहा' खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही बाजूंना उत्पन्न व मालमत्तेचे प्रतिज्ञापत्र सक्तीचे केले आणि पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यावी असे सांगितले. ज्याच्याकडे पगाराची स्लिप नाही, त्या मजूर नवऱ्याचे उत्पन्न सिद्ध करताना वस्तीतल्या बाईची मात्र आजही दमछाक होते.

कार्यकर्त्यांची गरज इथेच आहे. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे प्रत्येक स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. आपल्या वस्तीत हे किती जणींना माहीत आहे? जयंतीच्या मिरवणुकीत डीजेवर होणाऱ्या खर्चातला थोडा भाग काढून वस्तीत एक कायदा मदत केंद्र चालवता येईल. ज्या हक्कासाठी बाबासाहेबांनी मंत्रिपदावर लाथ मारली, त्या हक्काची थट्टा करणारी रील पुढे पाठवताना आपण कुणाच्या बाजूने उभे आहोत, हे एकदा स्वतःला विचारा.

जय भीम!