रोजंदारीवर १० वर्षं काम केलं, तर सरकारी नोकरीत कायम होता येतं का?

माजलगाव धरणाच्या कालव्यावरचा चौकीदार, रस्त्यावरचा मैलकुली, वनखात्याच्या रोपवाटिकेतला मजूर, नगरपालिकेचा सफाई कामगार. बीड जिल्ह्यातली ही कामं बारमाही आहेत, पण ती रोजंदारीवर करणाऱ्याची हजेरी मात्र रोजची असते. आजारपणात मजुरी बुडते आणि म्हातारपणी पेन्शन नसते. त्यामुळे 'इतकी वर्षं झाली, आता कायम करतील का?' हा प्रश्न घरोघरी विचारला जातो.

थोडक्यात उत्तर असं, की केवळ वर्षं भरली म्हणून कायम होण्याचा हक्क मिळत नाही. पद मंजूर होतं का, नेमणूक कशी झाली आणि हजेरीची नोंद कुठे आहे, यावर सगळं ठरतं.

'उमादेवी' निकाल काय सांगतो?

१० एप्रिल २००६ रोजी सुप्रीम कोर्टाच्या ५ न्यायमूर्तींच्या घटनापीठाने 'कर्नाटक सरकार विरुद्ध उमादेवी' प्रकरणात निकाल दिला. सरकारी भरतीत सर्वांना समान संधी हवी, त्यामुळे भरती प्रक्रिया टाळून घेतलेल्यांना कोर्टाने सरसकट कायम करू नये, असं कोर्टाने म्हटलं.

मात्र एक अपवाद ठेवला. मंजूर आणि रिक्त पदावर, पात्रता असलेल्या व्यक्तीने, कोर्टाच्या आदेशाच्या आधाराशिवाय १० वर्षं काम केलं असेल, तर सरकारने अशांना एकदाच नियमित करावं. २०१० मध्ये 'केसरी' प्रकरणात कोर्टाने स्पष्ट केलं, की ही १० वर्षं १० एप्रिल २००६ पर्यंत पूर्ण झालेली हवीत. म्हणजे २०१० मध्ये कामाला लागलेल्या व्यक्तीला फक्त या अपवादावर विसंबता येत नाही.

महाराष्ट्रात वेगळं काय आहे?

राज्याचा १९७१ चा अनुचित कामगार प्रथा प्रतिबंधक कायदा. कायमपणाचे लाभ नाकारण्याच्या हेतूने कामगाराला वर्षानुवर्षे तात्पुरतं ठेवणं ही या कायद्याच्या अनुसूची ४ मधल्या नोंद ६ नुसार अनुचित प्रथा आहे. डिसेंबर १९९५ मध्ये सुप्रीम कोर्टाने राज्याच्या वनखात्यातल्या कामगारांना याच नोंदीचा आधार दिला. २००९ मध्ये एसटी महामंडळाच्या प्रकरणात कोर्टाने सांगितलं, की 'उमादेवी'मुळे औद्योगिक न्यायालयाचे हे अधिकार संपत नाहीत. पण पद अस्तित्वात असायला हवं.

शिवाय बांधकाम आणि पाटबंधारे खात्यांसाठी १९६७ चा कालेलकर करार आहे. त्यानुसार ५ वर्षं सलग सेवा झालेल्यांना 'रूपांतरित नियमित अस्थायी आस्थापने'वर घेण्याची तरतूद आहे. वनखात्यातही १९९६ आणि २०१२ च्या शासन निर्णयांनी ठरावीक मुदतीतल्या मजुरांना कायम केलं गेलं.

रोजगार हमीचे दिवस धरतात का?

दुष्काळी बीडसाठी हा कळीचा मुद्दा आहे. सुप्रीम कोर्टाने १९९२ मध्ये दिल्लीतल्या जवाहर रोजगार योजनेच्या प्रकरणात म्हटलं, की रोजगार योजनेतलं काम हे उपजीविकेसाठीचं साहाय्य आहे, त्यातून कायम नोकरीचा हक्क तयार होत नाही. त्यामुळे मजुराचं नाव खात्याच्या मस्टरवर होतं की रोहयोच्या, हे आधी तपासावं लागतं. रोहयोवरच्या हजेरी सहायकांना शासनसेवेत सामावून घेतलं गेलं, पण ते सरकारच्या स्वतंत्र निर्णयाने.

मग २४० दिवसांचा नियम?

वर्षात २४० दिवस भरले की कायम, हा सर्वत्र पसरलेला समज आहे. प्रत्यक्षात २४० दिवसांमुळे मुख्यतः कामावरून कमी करताना नोटीस आणि भरपाई यांचं संरक्षण मिळतं. कायम होण्यासाठी तेवढं पुरत नाही.

अलीकडे कोर्टाने काय म्हटलं?

२० डिसेंबर २०२४ च्या 'जग्गो' निकालात केंद्रीय जल आयोगाच्या सफाई कामगारांना नियमित करण्याचा आदेश झाला. काम कायमस्वरूपी असेल, तर 'उमादेवी'चा वापर कामगारांविरुद्ध ढालीसारखा करता येणार नाही, असा त्याचा अर्थ. ३१ जानेवारी २०२५ रोजी गाझियाबादच्या माळ्यांच्या प्रकरणात कोर्टाने आणखी एक गोष्ट सांगितली. आदेश देऊनही मालकाने नोंदी दाखवल्या नाहीत, तर त्याच्याविरुद्ध निष्कर्ष काढता येतो.

कायम केलं नाही तरी काय मिळू शकतं?

२६ ऑक्टोबर २०१६ च्या 'जगजित सिंग' निकालानुसार, नियमित कर्मचाऱ्याइतकंच काम करणाऱ्या तात्पुरत्या कर्मचाऱ्याला त्या पदाच्या वेतनश्रेणीतलं किमान वेतन मागता येतं.

दाद कुठे मागायची?

१९७१ च्या कायद्याखालची अशी तक्रार औद्योगिक न्यायालयात होते. मुदत ९० दिवसांची आहे, सबळ कारण असेल तर उशीर माफ होऊ शकतो. बीडसाठी हायकोर्टाचं खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला आहे.

त्याआधी कागद गोळा करणं महत्त्वाचं. मस्टर कार्यालयाकडे असतं, पण माहिती अधिकारात अर्ज करून त्याच्या प्रती मागता येतात. माहिती देण्याची मुदत साधारण ३० दिवस आहे. मजुरीच्या पावत्या, बँक पासबुक, ओळखपत्र आणि कामाचे लेखी आदेशही जपून ठेवावेत. कामाची वर्षं कोर्टात या कागदांवरूनच मोजली जातात.