केप्लरची अटकळ
केप्लरची अटकळ : सारख्या आकाराचे गोल अवकाशात कितीही दाटीने रचले, तरी त्यांनी व्यापलेला भाग सुमारे ७४.०५ टक्क्यांच्या पुढे जात नाही, हे भूमितीतील विधान. ही मर्यादा गाठणारी रचना प्रत्येक संत्रेवाल्याला येते : खालच्या थरातल्या फळांमधील खळग्यात वरचे फळ बसवायचे. उत्तर असे सर्वांसमोर असूनही त्याच्या सिद्धतेला जवळपास चार शतके लागली.

जहाजावर तोफगोळे कसे रचावेत, या इंग्लिश दर्यावर्दी वॉल्टर रॅलेच्या प्रश्नावरून गणितज्ञ टॉमस हॅरियट या विषयाकडे वळला. त्याचा खगोलशास्त्रज्ञ योहानेस केप्लरशी पत्रव्यवहार होता. हिमकण षट्‌कोनी का असतात, याचा शोध घेणाऱ्या १६११ च्या छोट्या पुस्तिकेत केप्लरने, डाळिंबाच्या दाण्यांचीही चर्चा करत, हे विधान पुराव्याविना मांडले.

गोलांची केंद्रे ठरावीक जाळीत असतील, तर विधान खरे ठरते, हे गाउसने १८३१ मध्ये दाखवले. खरी अडचण अनियमित रचनांची. एका गोलाभोवती बारा गोल विशिष्ट तऱ्हेने लावले, तर तेवढ्या जागेपुरती घनता ७५ टक्क्यांवर जाते. मात्र ती मांडणी सगळीकडे पसरवता येत नाही. अशी स्थानिक दाटी शेवटी अंगलट येतेच, हे सिद्ध करणे महाकठीण होते. हिल्बर्टने १९०० मध्ये मांडलेल्या गणिती प्रश्नांच्या यादीत, अठराव्या प्रश्नात, हा विषय घेतला. १९५३ मध्ये लास्लो फेयेश टोट याने तो मर्यादित, पण प्रचंड आकडेमोडीवर आणून ठेवला.

ती आकडेमोड टॉमस हेल्स याने विद्यार्थी सॅम्युएल फर्ग्युसनसह संगणकावर १९९८ मध्ये पुरी केली. ‘ॲनल्स ऑफ मॅथेमॅटिक्स’ या नियतकालिकाने ही सिद्धता तपासायला नेमलेले बारा परीक्षक काही वर्षांनी थकले, सिद्धता बरोबर असल्याची ९९ टक्के खात्री आहे, यापुढे ते जाईनात. गणितात हे प्रमाणपत्र विचित्रच. लेख २००५ मध्ये छापला गेला. हेल्सला मात्र उरलेला एक टक्का सलत होता. त्याने ‘फ्लायस्पेक’ प्रकल्प काढून प्रत्येक तार्किक पायरी संगणकाकडून तपासून घेतली. हे काम ऑगस्ट २०१४ मध्ये संपले आणि २०१७ मध्ये प्रसिद्ध झाले.

आठ मितींमधला हाच प्रश्न मरिना व्याझोव्स्का हिने २०१६ मध्ये, असल्या अवाढव्य आकडेमोडीवाचून, सोडवला. चोवीस मितींचा चार सहकाऱ्यांसह त्याच वर्षी. तिला २०२२ चे फील्ड्स पदक मिळाले.